घरची वेळ

(वाचावयाचा भाग : प्रेषितांची कृत्ये, अध्याय २७)



आपले राजूर समुद्रापासून फार दूर आहे. आपणांपैकी पुष्कळांनी समुद्र पाहिलेला नाही. आणि प्रेषितांच्या कृत्यांतील सत्ताविसावा अध्याय वाचू लागलो म्हणजे वारे, दोर, नांगर व वाव यांच्या गर्दीत आपले मन अडखळते. तथापि ह्या अध्यायात शेतकरी व मजूर ख्रिस्तजनांकरिता अत्यंत उपयोगी बोध आहे. आणि दिवाळीनंतर ज्यांची बिऱ्हाडे ऊसतोडीस निघतात त्यांजकरिता तर तो विशेष आहे. तो नीट ध्यानात यावा म्हणून प्रथम खलाश्यांच्या एका जुन्या अडचणीची हकीकत सांगतो.

जमिनीवर वाट चुकलेला मनुष्य झाड, टेकडी किंवा देवळाचा कळस पाहून सावरतो. भर समुद्रात चोहोंकडे पाणीच. तेथे आपण कोठे आहो हे समजण्यास दोन गोष्टी ठाऊक असाव्या लागतात : उत्तर-दक्षिण किती आलो, म्हणजे अक्षांश, आणि पूर्व-पश्चिम किती आलो, म्हणजे रेखांश. पहिली गोष्ट आकाशच सांगते. आज रात्री अंगणात उभे राहून हात लांब करा व क्षितिजावर मुठीवर मूठ ठेवा; सुमारे दोन मुठींच्या उंचीवर ध्रुवतारा दिसेल. एक मूठ म्हणजे अदमासे दहा अंश. यावरून आपले राजूर विषुववृत्ताच्या उत्तरेस सुमारे वीस अंशांवर आहे हे घरबसल्या कळते. अरबी समुद्रावरील जुने नाविक लाकडाची एक फळी व गाठी मारलेली दोरी घेऊन हेच माप काढीत असत. १४९८ साली वास्को द गामा आफ्रिकेच्या मालिंदी बंदरातून एक वाटाड्या घेऊन कालिकतास आला, तेव्हा ह्या समुद्राची वाट ताऱ्यांवरून व वाऱ्यांवरून जाणणारे लोक पूर्वीपासूनच होते.

परंतु दुसरी गोष्ट आकाश एकट्याने सांगत नाही. पृथ्वी चोवीस तासांत तीनशे साठ अंश फिरते. म्हणजे एका तासास पंधरा अंश, आणि चार मिनिटांस एक अंश. यामुळे सूर्य सर्व गावांस एकाच क्षणी माध्यान्ही येत नाही. राजुरास सावली अगदी आखूड झाल्यावर मुंबईस तशी होण्यास सुमारे बारा मिनिटे लागतात. आपली घड्याळे साडेब्याऐंशी अंश रेखांशाची वेळ दाखवितात, म्हणून राजुरास खरी माध्यान्ह बारा वाजून सरासरी सव्वीस मिनिटांनी होते. यावरून युक्ती सोपी दिसते. निघालेल्या बंदराची वेळ दाखविणारे घड्याळ बरोबर न्यावे. समुद्रावर सूर्य पाहून तेथील माध्यान्ह ठरवावी. दोन वेळांत जे अंतर पडेल ते पूर्व-पश्चिमेचे अंतर होय.

युक्ती सोपी, पण तसे घड्याळ कोठे होते? लंबकाचे घड्याळ जहाजाच्या हेलकाव्याने बिघडे. उष्णतेने धातू पसरे, थंडीने आकुंचन पावे, तेल घट्ट होई. घड्याळ चार मिनिटे चुकले तर जहाज आपल्या ह्या अक्षांशावर शंभर किलोमीटरांहून अधिक चुके. ऑक्टोबर १७०७ मध्ये आपल्या स्थानाविषयी चुकीची समजूत करून घेतलेल्या इंग्रज आरमाराची चार जहाजे सिली बेटांच्या खडकांवर आदळली, व हजाराहून अधिक माणसे एका रात्रीत बुडाली. पुढे १७१४ साली पार्लमेंटाने कायदा केला की, जो कोणी अर्ध्या अंशाच्या आत रेखांश काढण्याची रीत दाखवील त्यास वीस हजार पौंड द्यावे.

विद्वानांनी चंद्राचे ताऱ्यांपासून अंतर मोजून रेखांश काढण्याची एक रीत सिद्ध केली. पण तीस निरभ्र आकाश व पुष्कळ आकडेमोड लागे. घड्याळाची रीत जॉन हॅरिसन नावाच्या एका सुताराच्या मुलाने साधली. तो स्वतःही सुतारकाम शिकलेला होता. सुमारे तीस वर्षे खपून १७५९ साली त्याने आपले चौथे समुद्री घड्याळ पुरे केले. ते मोठ्या खिशातील घड्याळासारखे होते. १७६१ साली त्याचा मुलगा ते घेऊन जमैकास गेला, आणि तेथे पोहोचल्यावर, घड्याळाची रोजची चाल हिशेबात धरता, अवघ्या पाच सेकंदांचा फरक आढळला. तथापि परीक्षकांचे समाधान झाले नाही. चाल आधी ठरवून दिली नव्हती असा आक्षेप निघाला. म्हणून १७६४ साली बार्बाडोसास जाताना ती चाल निघण्यापूर्वीच लिहून देण्यात आली, आणि त्या प्रवासाअंती चूक सुमारे एकोणचाळीस सेकंदांची निघाली. हॅरिसनास अखेरचे पैसे १७७३ साली, ऐंशी वर्षांच्या वयात मिळाले.

पुढे असली घड्याळे लांबच्या जहाजांवर रूढ झाली. मुंबईस कुलाब्याची वेधशाळा १८२६ साली स्थापन झाली, ती याच कामास्तव : ताऱ्यांचे वेध घेऊन खरी वेळ ठरवावी व बंदरातील जहाजांस ती मिळावी. आपल्या जालन्याजवळ बेथेल वसविणारे रेव्हरंड नारायण शेषाद्री १८७३ साली न्यूयॉर्क येथील ख्रिस्ती परिषदेस गेले, तेव्हा ह्या कोरड्या मुलखाच्या एका पाळकाचा जीवही समुद्रावर ह्याच विद्येच्या भरवशावर होता.

आता ह्यातून तीन गोष्टी मनात धरू.

पहिली ही की, अर्धे ज्ञान असताही मनुष्य बुडतो. कप्तानास अक्षांश ठाऊक होता. वर पाहिले की ध्रुव जागच्या जागी दिसे. पण प्रवाह जहाजास आडवे ओढीत होता, व ते कोणास जाणवत नव्हते. आपलेही असेच होते. बाप्तिस्म्याच्या वहीत नाव आहे, गीते पाठ आहेत, देव वर आहे हेही मान्य आहे. परंतु कर्ज, दारू, भावाशी अबोला, यांचा प्रवाह आपणांस आडवे कोठवर घेऊन गेला हे आपण पाहतो काय? पौल ज्या तारवात होता तेथे शताधिपतीने सुकाणूवाल्याचे व तारवाच्या धन्याचे ऐकले; दक्षिणेचा मंद वारा सुटला आणि सर्वांस वाटले की आपला बेत साधला. वाहून जाण्याचा आरंभ बहुधा मंद वाऱ्यातच होतो.

दुसरी गोष्ट ही की, घरची वेळ घरूनच बरोबर न्यावी लागते. ती परमुलखात विकत मिळत नाही. उचल घेऊन कोयता टोळीबरोबर निघाला म्हणजे फडाची वेळ सुरू होते. मुकादम हाक मारील तेव्हा उठणे, ट्रक येईल तेव्हा मोळ्या वाहणे. तेथे प्रभुवार नाही, उपासनेची घंटा नाही. म्हणून ज्याने वचन हृदयात भरून नेले नाही, त्यास तेथे आपण किती दूर आलो हे कळण्याचे साधनच उरत नाही. पण हेही ध्यानात ठेवा की, कप्तान तेथील सूर्याकडेही पाहत असे. दोन्ही वेळा पाहिल्यावाचून रेखांश निघत नाही. फडावरचे श्रम, शेजारच्या कोपीतील आजारी बाई, शाळा सुटलेली लेकरे, यांजकडे डोळेझाक करून केवळ गावच्या मंडळीची आठवण काढीत बसणारा मनुष्यही वाट चुकलेलाच होय. जेथे आहा तेथील माध्यान्ह पाहा, आणि ती घरच्या वेळेशी ताडून पाहा.

तिसरी गोष्ट मला स्वतःला लाज वाटावयास लावणारी आहे. समुद्री घड्याळ निर्दोष असावे असे कोणी म्हणत नसे. ते रोज किती मागे पडते किंवा पुढे जाते एवढे खरेपणाने लिहिलेले असावे लागे. लिहिलेल्या चुकीने जहाज बुडत नाही. लपविलेल्या चुकीने बुडते. आपली चाल आपण देवापुढे लिहून द्यावी, यासच आपण पापाची कबुली म्हणतो. परंतु ती चाल तपासून घेण्यास बंदर लागते, आणि बंदराची रीत कशी असावी हे मी उशिरा शिकलो. एक कुटुंब हंगाम संपवून परत आले, आणि पहिल्याच भेटीत मी त्यांस किती प्रार्थना चुकल्या व वर्गणी का आली नाही हे विचारले. पुढे कित्येक महिने त्यांनी मंदिरात पाऊल टाकले नाही. नंतर कळले की त्या हंगामात त्यांचे तान्हे मूल फडावर वारले होते. ते दुःख घेऊन ते बंदरी आले होते, आणि मी त्यांस हिशेब मागितला. वेधशाळेने कोणत्याही जहाजास घड्याळ मागे का पडले म्हणून दाराबाहेर उभे केले नाही. तिने खरी वेळ दिली, व जहाजास पुन्हा समुद्रावर जाण्याजोगे केले. मंडळीचे वडील व पाळक यांनी हे विसरू नये. जेथे चूक सांगितल्यावर अपमान होतो, तेथे सर्व घड्याळे बरोबर असल्याचे सोंग करतात, आणि तारवे खडकावर जातात.

आता पुन्हा पौलाकडे या. त्याच्या तारवात असले घड्याळ नव्हते. पुष्कळ दिवस सूर्य दिसला नाही, तारेही दिसले नाहीत. चौदावी रात्र आली. पाणी मोजले तो वीस वाव, पुन्हा मोजले तो पंधरा वाव. मग त्यांनी पिछाडीस चार नांगर टाकून दिवस उजाडण्याची वाट पाहिली. आपण कोठे आहो हे त्या रात्री पौलास ठाऊक नव्हते. आपण कोणाचे आहो हे मात्र ठाऊक होते, आणि ते त्याने सर्वांसमक्ष सांगितले. मग त्याने भाकर घेऊन देवाचे आभार मानले व सर्वांस खावयास लाविले. तारू फुटले, कोणी पोहत, कोणी फळीवर, असे दोनशे शहात्तर जण किनाऱ्यास लागले. एकही हरवला नाही. आपली सर्व साधने संपतात तेथेही देवाची दृष्टी आपणांवर असते; आपला रेखांश त्यास ठाऊक आहे.

म्हणून यंदा निघण्यापूर्वी प्रत्येक कुटुंबाने एक करावे. रात्री आठ वाजता येथे राहणारे आपण मंदिरात किंवा घरात प्रार्थनेस बसू, आणि जाणाऱ्यांची नावे घेऊ. सबंध भारताचे घड्याळ एक आहे. फडावर आठ वाजतील तो क्षण आपल्याकडेही तोच असेल. कोणाच्या डोक्यावर त्या वेळी मोळी असेल तर त्याने चालता चालताच प्रभूचे नाव घ्यावे. तेवढ्याने घरची वेळ चुकणार नाही. आणि तुम्ही परत याल तेव्हा मी प्रथम तुमची खुशाली विचारीन, हे माझे वचन लिहून ठेवा.

प्रभु येशू ख्रिस्त आपणां सर्वांस बंदरी सुखरूप नेवो. आमेन.

राजूर                                      आपला सेवक, एक पाळक