न दिसणारा हात

‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) काढण्याआधी दादासाहेब फाळक्यांनी वाटाणा पेरून त्याच्या वाढीचे एकेक चित्र टिपले. महिनाभराची वाढ पडद्यावर मिनिटभरात दिसली. पुढे १९१५ साली ‘आगकाड्यांची मौज’ आली. रोप आपले आपण वाढले होते. काड्या मात्र केसभर सरकवायच्या, हात काढून घ्यायचा, चित्र टिपायचे, पुन्हा सरकवायच्या. डोळ्यांना दोन्ही सारखीच सजीव! मग काड्यांची हालचाल तेवढी खोटी म्हणावी काय? एकेक चित्र तर खरेच असते. लबाडी असलीच तर दोन चित्रांमधल्या फटीत. आणि सारे कष्टही तिथेच. आपण उठतो तो चकल्यांचा डबा भरलेला असतो. म्हणून आईने आपल्याला फसवले काय? मी तरी काड्यांना खोटे म्हणायला धजत नाही. आणि रोपाचे म्हणाल, तर महिनाभर त्यालाही कुणीतरी पाणी घातलेच असेल की!