सांडलेल्या घटका

तापी आणि पूर्णा जिथे एकमेकींना मिळतात, त्या चांगदेव गावाकडची ही गोष्ट. मरणाची वेळ आली की चांगदेव समाधी लावून बसत आणि काळ हात हलवत परत जाई. अशी चौदाशे वर्षं त्यांनी काढली, ही आख्यायिका सगळ्यांना ठाऊक आहे. पुढे त्यांनी ज्ञानेश्वरांना कोरं पत्र धाडलं, उत्तरादाखल पासष्ट ओव्या आल्या आणि एवढा मोठा योगी आळंदीच्या पोरांपुढे नमला, हेही आपण ऐकत आलो. पण गुरू गेल्यावर जे शिष्य मागेच राहिले, त्यांचं काय झालं? ते कुठल्या पोथीत सापडायचं नाही. गोष्टीतच ऐकायचं.

त्या शिष्यांना ओव्यांत रस नव्हता. काळ चकवायची युक्ती तेवढी हवी होती. नदीकाठच्या झाडीत त्यांनी वाडा बांधला. पंथाला नाव दिलं नाही. नाव असलं की लोक शोधत येतात. तरी लोक यायचेच.

पलीकडच्या तीरावरच्या एका नावाड्याची माय अंथरुणाला खिळली होती. वैद्यानं नाडी बघून सांगितलं, दोन दिवस, फार तर तीन. थोरला मुलगा बैल घेऊन पैठणला गेलेला. दोघा पोरांना एकदा शेजारी बसलेलं बघू दे, एवढंच माय घोकत होती. धाकट्यानं नाव पाण्यात लोटली आणि वाडा गाठला.

“महाराज, मला चार दिवस हवेत. माझ्यासाठी नाही, मायसाठी.”

“मिळतील की,” दारातला शिष्य म्हणाला. “गुरुजी आत आहेत. बस जरा.”

अंगणात तांब्याचं घंगाळ होतं. त्यात तांब्याचीच वाटी तरंगत होती, बुडाला सुईच्या टोकाएवढं भोक. पाणी भोकातून वर चढायचं, वाटी जड होत जायची आणि गुडुप. की झाली एक घटका. घटका म्हणजे आपली 24 मिनिटं, आणि अशा 60 घटकांचा एक दिवस-रात्र. यात नवल काही नव्हतं. लग्नघरात मुहूर्तही असाच मोजत. पण देवळातला माणूस बुडालेली वाटी काढून पाणी तिथेच ओततो, टोला हाणतो आणि वाटी पुन्हा सोडतो. इथला शिष्य भरलेली वाटी थेंबही न सांडता आत नेई आणि रिकामी करून आणी.

नावाडी पाण्यावर वाढलेला. संध्याकाळपर्यंत त्याच्या लक्षात आलं की एवढ्या वाट्या आत गेल्या, तरी घंगाळातलं पाणी बोटभरही उतरलेलं नाही.

अंगणात इतरही बसले होते. एक सावकार, एक जहागीरदार, मूल हवं असलेलं एक जोडपं. सावकार दोन वर्षांपासून बसून होता. “कंटाळा नाही आला?” नावाड्यानं विचारलं. “आला ना. पण आता उठलो तर दोन वर्षं पाण्यात की!” असे सावकार मी कचेऱ्यांच्या बाकड्यांवर पुष्कळ पाहिले आहेत, त्यामुळे मला तरी हा माणूस खोटा वाटत नाही.

रात्र गेली, दुसरा दिवस गेला. नावाडी मधूनमधून विचारी, शिष्य गोड हसून म्हणे, “आता तुझाच नंबर.” दारातून कधी आतले गुरुजी ओझरते दिसत. सगळ्यांत थोरले म्हणवणाऱ्यांना अजून मिसरूडही फुटलेलं नव्हतं.

तिसऱ्या पहाटे नावाडी तोंडावर पाणी मारायला घंगाळाशी वाकला. पाण्यातून एक पांढऱ्या कानशिलांचा माणूस त्याच्याकडे बघत होता. त्यानं कानाशी हात नेला, त्या माणसानंही नेला.

“हे पाणी कुठून येतं?” त्यानं विचारलं.

शिष्य जराही ओशाळला नाही. “काळ कुणाला निर्माण करता येत नाही, बाळा. वाट बघणाऱ्याचा तेवढा सांडतो. सांडलेलं भरून घेतलं तर ती चोरी कशी?”

“मग गुरुजी मला भेटणार कधी?”

“भेटले तर तू बसशील कशाला?”

नावाडी उठला. तो उठताच अर्धी भरलेली वाटी बुडायची थांबली, नुसती डुलत राहिली. शिष्याचा चेहरा पहिल्यांदाच उतरला. “अरे, दहा घटका थांब. नक्की लागतो तुझा नंबर!” नावाडी दारातून ओरडला, “उठा रे सगळे, इथं काही मिळत नाही!” कुणी उठलं नाही. सावकार तेवढा सरकून त्याच्या जागी बसला, ती दाराच्या जवळ होती म्हणून. वाटी पुन्हा बुडू लागली.

घरी थोरला भाऊ उंबऱ्यावर बसला होता. मायचा निरोप त्याला वाटेतच मिळाला होता, धाकट्यानं नाव लोटली त्याच रात्री तो पोचला होता. माय आज पहाटे गेली.

“शेवटपर्यंत शुद्धीवर होती,” भाऊ म्हणाला. “पाणीसुद्धा घेईना. म्हणाली, धाकटा येईल आता, थांबते मी जरा.”

त्या घटका कुणाच्या वाटीत गेल्या, हे धाकट्यानं भावाला कधी सांगितलं नाही.

तेराव्यानंतर त्यानं नाव पुन्हा पाण्यात घातली. भरल्याशिवाय नाव सोडायची नाही, ही धंद्याची रीत. आपल्या काळ्यापिवळ्या जीपांनी ती अजून राखली आहे. ह्यानं ती मोडली. गाठोडं घेऊन एकटी म्हातारी आली तरी नाव सुटे. बाकीचे नावाडी हसले, त्याला तोटाही झाला, आणि उतारूंनी दाम जास्त दिलं असंही नाही. पण पुराचे दिवस सोडले, तर तो वल्ही मारत होता तोवर त्या तीरावर कुणाला नावेसाठी खोळंबावं लागलं नाही.