उदासीन धनी आणि आपण

ज्या वस्तूकडे धनी ढुंकूनहि पाहत नाहीं, ती उचलून नेणें ही चोरी होय काय? प्रश्न जुनाच आहे. पण आज तो अनेक सुशिक्षित घरांत मुलांच्या खेळाच्या निमित्तानें पुनः उभा राहिला आहे.

सोनी कंपनीचें 'प्लेस्टेशन' हें खेळाचें यंत्र १९९४ सालीं जपानांत निघालें. २००६ सालीं त्याचें उत्पादन थांबलें. जुनीं यंत्रें एकेक करून बिघडत चाललीं आहेत. त्यांवरील खेळ आजच्या संगणकावर चालावे म्हणून 'एम्युलेटर' नांवाची आज्ञावली वापरतात. तिच्या योगानें संगणक जुन्या यंत्राचें सोंग हुबेहूब वठवितो. परंतु यंत्र सुरू होतांच जी मूळ आज्ञावली प्रथम जागी होते, ती 'बायोस', पुष्कळ एम्युलेटरांना लागते. तिचा आकार अवघा ५१२ किलोबाइट. पण ती कंपनीची मालमत्ता आहे. आपल्या मालकीच्या यंत्रांतून ती उतरवून घेणें हा सरळ मार्ग. पण त्यास खटपट पडते. इंटरनेटवर परक्यानें ठेवलेली नक्कल मात्र क्षणांत हातीं येते.

"यांत कोणाचें काय बुडालें?" असें विचारलें जातें. हें म्हणणें अगदींच पोकळ नाहीं. अमेरिकेच्या कायद्याप्रमाणें अशा कृतीवरील कंपनीचा हक्क प्रकाशनापासून ९५ वर्षें, म्हणजे २०८९ च्या अखेरपर्यंत, चालावयाचा. तोंवर मूळ यंत्रें किती शिल्लक राहतील? जो धनी स्वतः किल्ली देत नाहीं व दुसऱ्यास घडवूंहि देत नाहीं, त्यानें आपल्या हक्काचा अर्धाच भाग ओळखला आहे. जतन करण्याचा उरलेला अर्धा तो विसरला, असें आम्हांस वाटतें.

तथापि धनी उदासीन आहे एवढ्यावरून आपण त्याचे वारस ठरत नाहीं. येथें एक उदाहरण विचारांत घेण्यासारखें आहे. १९९९ सालीं कनेक्टिक्स या अमेरिकन कंपनीनें सोनीच्या बायोसचा अभ्यास केला आणि तेंच कार्य करणारी आज्ञावली स्वतः लिहून आपला एम्युलेटर विक्रीस आणला. सोनीनें फिर्याद केली. २००० सालीं तेथील अपील न्यायालयानें, अभ्यासापुरत्या केलेल्या नकला न्याय्य ठरविल्या. कारण विक्रीच्या मालांत सोनीची आज्ञावली नव्हती. पुढें २०१८ सालीं खुद्द सोनीनेंच जुन्या खेळांचें एक छोटें यंत्र काढलें, तेव्हां त्यांत इतरांनीं लिहून सर्वांस खुला केलेला एम्युलेटर वापरला! ज्या विद्येविरुद्ध फिर्याद झाली, तिनेंच अखेर फिर्यादीची सेवा केली.

वस्तु कशी चालते हें ज्ञान सर्वांचें. तें शब्दबद्ध करण्याचे श्रम मात्र ज्याचे त्याचे. नव्यानें लिहिलेली, सर्वांस मुक्त अशी बायोसहि आज उपलब्ध आहे. मुलानें आयती नक्कल घेतली तर त्याला चोर म्हणून हिणवावें, असें आमचें म्हणणें नाहीं. पण "ती टाकलेलीच होती" या समजुतीवर त्याचें समाधान होऊं देऊं नये. खेळ जगला पाहिजे हें खरेंच. परंतु सोईचें कारण सांपडलें कीं दुसऱ्याची वस्तु आपली होते, ही शिकवण घरांत शिरली, तर ती त्या खेळापेक्षां फार दिवस टिकेल.