रेतीच्या कणाला काय आठवतं?

अद्भुत कथांमध्ये एक दुर्मीळ मणी असतो. कपाळाला लावला की माणसाची आठवण त्यात उतरते आणि शंभर वर्षांनी दुसऱ्या कुणी हातात घेतला की जशीच्या तशी परत मिळते. ही कल्पना हसण्यावारी नेऊ नये, कारण तिच्या पोटात जुना प्रश्न आहे: आठवण वस्तूत राहते का? असा मणी शोधायला ठाण्यातल्या कोलशेतकरांना फार लांब जावे लागणार नाही. कोलशेत-काल्हेरच्या खाडीतून उपसलेल्या रेतीत काळ्या दगडाच्या चुऱ्याबरोबर फेल्डस्पारचे आणि थोडे क्वार्ट्झचेही कण असतात. भोवतालच्या मातीतल्या किरणोत्सारामुळे कणातले इलेक्ट्रॉन सुटतात आणि स्फटिकाच्या रचनेतल्या उणिवांमध्ये अडकून बसतात. कण जितका काळ अंधारात गाडलेला, तितकी ही थकबाकी मोठी. प्रयोगशाळेत त्यावर ठरावीक प्रकाश सोडला की ते इलेक्ट्रॉन मोकळे होऊन मंद उजेड देतात, आणि त्यावरून कणाने शेवटचे ऊन कधी पाहिले याचा अंदाज बांधता येतो. 1985 मध्ये ही पद्धत पुढे आली; अहमदाबादच्या भौतिक संशोधन प्रयोगशाळेने भारतात तिच्यावर मोठे काम केले आहे. गंमत म्हणजे वाचता वाचताच नोंद पुसली जाते. रेतीबंदरावरच्या ढिगात जे कण उन्हात पडले, त्यांचा हिशेब तर कुणी न वाचताच मिटला.

तरीही या कणाला ‘आठवते’ असे म्हणायला जीभ वळत नाही. त्यात ठसा आहे, पण ‘हे मी पाहिले होते’ असे म्हणणारा कुणी नाही. न्यायदर्शनाने ही गाठ नेमकी पकडली होती. अनुभव संस्कार मागे ठेवतो, संस्कार आत्म्यात राहतो आणि काही निमित्त मिळाले की त्यातून स्मृती उठते. न्यायसूत्रांच्या तिसऱ्या अध्यायात अशा निमित्तांची लांबलचक यादी आहे: खूण, साम्य, वियोग, सुख, दुःख, भय. दगड आणि मणी यांची जागा त्या यादीत. ते आठवण करून देतात, स्वतः आठवत नाहीत. सांख्य-वेदान्तातला स्फटिक तर याहून अलिप्त आहे. जास्वंदीशेजारी ठेवला तर लाल दिसतो, फूल उचलले की लालीही गेली. आपल्याकडच्या तत्त्वज्ञांनी दृष्टान्तासाठी स्फटिक निवडला तो काहीच धरून ठेवत नाही म्हणून.

ठसा म्हणजे आठवण नव्हे, याचा पुरावा ठाण्यातच आहे. 1787 मध्ये ठाण्याच्या किल्ल्यात पायासाठी खणताना शिलाहार राजा अरिकेसरीचा शके 939 चा, म्हणजे इसवी सन 1017 चा, दानाचा ताम्रपट सापडला. साडेसातशेहून अधिक वर्षे अक्षरे जागच्या जागी होती, आणि त्या दानाची आठवण मात्र ठाण्यात कुणालाच नव्हती. एका पंडिताने तो वाचला आणि ‘एशियाटिक रिसर्चेस’च्या पहिल्या खंडात त्याचा अनुवाद छापून आला, तेव्हा इतिहासाला एक साधन मिळाले. बोरिवलीजवळच्या एकसरच्या वीरगळांचे उलट झाले. वल्ही मारणारी माणसे, रांगेने चाल करून जाणारी जहाजे, सगळे दगडात कोरलेले आहे. पण लेख झिजले. ही लढाई यादव महादेव आणि शिलाहार सोमेश्वर यांची, 1265 च्या आसपासची, असे बरेच अभ्यासक मानतात, काही ती त्याहून जुनी ठरवतात. दगडाने जहाजे राखली, युद्ध कुणाचे ते राखले नाही.

यावर एक आक्षेप भक्कम आहे. मेंदूही जडच, पेशींमधला ठसा स्मृती ठरतो, तर स्फटिकातला का नाही? मला वाटते फरक द्रव्याचा नाही. पेशींतला ठसा ज्याने भोगले त्याच्याच पुढच्या वागण्यात उतरतो: तोच घाबरतो, तोच वचन पाळतो, त्यालाच लाज वाटते. उद्या एखादे यंत्र असे जगू लागले तर त्याला स्मृती नाकारण्याचे कारण माझ्याकडे उरणार नाही. पण कथेतला मणी असे जगत नाही. तो दुसऱ्याचे दुःख तिसऱ्याच्या हाती देतो आणि मोकळा होतो.

दुसरा आक्षेप असा की माणसाची आठवण खोटी पडते, मण्याची पडणार नाही. हे खरे आहे, आणि नैयायिकांना ते अडचणीचे वाटले नसते. त्यांनी स्मृतीला प्रमेत, म्हणजे यथार्थ अनुभवात, धरलेलेच नाही. खरे-खोटे ठरवायला दुसरी साधने लागतात. दगड-ताम्रपट जपायचे ते त्याचसाठी: त्यांना आठवत नसले तरी ते आपल्याला खोटे पाडू शकतात. वणीच्या सप्तशृंगी देवीवरचे शेंदराचे जाड कवच 2022 मध्ये काढले. पिढ्यान् पिढ्यांच्या भक्तीने चढलेले ते थर, म्हणजे पूजेच्या आठवणीचाच साठा. पण मूळ मूर्तीचे कोरीव रूप त्यांनीच झाकले होते. रूप उघडे पडल्यावर नवरात्रात नेहमीसारखी गर्दी झाली. गावदेवीला वर्षानुवर्षे शेंदूर लावणाऱ्या कोलशेतसारख्या गावांत आता चहूबाजूंनी टॉवर उठले आहेत. तिथे देवीचा तांदळा, म्हणजे देवी म्हणून पुजलेला दगड, उद्या नव्या देवळात हलवला, तर दगड तोच राहील; पण जत्रेचा मान कुणाचा, पालखी कुठल्या आळीतून फिरते, हे सांगणारे घर भाड्याने दुसरीकडे गेले असेल तर तांदळ्याला विचारून ते कळणार नाही.