पराभवांची रोजकीर्द

कोणत्याही संघाच्या हंगामाचा इतिहास शेवटच्या सामन्याच्या रात्री लिहिला जातो, आणि म्हणूनच त्यात बनावटीचा अंश पुष्कळ असतो. चषक ज्याच्या हाती पडला त्याच्या आरंभीच्या पराभवांना त्या रात्री ‘कसोटी’ हे प्रतिष्ठेचे नाव प्राप्त होते, आणि जो तळाशी राहिला त्याने मध्यंतरी मिळविलेले विजय योगायोगाच्या सदरात ढकलले जातात. वस्तुतः ज्या संध्याकाळी ते सामने खेळले गेले त्या संध्याकाळी या दोन्ही संघांच्या अंतःकरणात सारखाच अंधार होता, आणि त्या अंधारात दुसऱ्या दिवशी सरावाला जाण्यावाचून करण्यासारखे काही नव्हते. मला जे म्हणावयाचे आहे ते या अंधाराविषयी आहे, आणि त्यासाठी मी उदाहरण घेणार आहे ते मुंबई इंडियन्स या व्यावसायिक क्रिकेट संघाच्या २०१५ सालच्या हंगामाचे.

हे उदाहरण मालवणच्या किनाऱ्यावर बसून घ्यावे यात विसंगत असे काही नाही. इंडियन प्रीमियर लीगचा हंगाम आमच्याकडे हापूसच्या हंगामाबरोबर येतो. एप्रिलात पेट्या भरण्याची घाई, मे महिन्यात चाकरमान्यांचे आगमन, रात्री पडवीत मांडलेला दूरदर्शन संच आणि त्याच्यासमोर तीन पिढ्यांची एकत्र बैठक, हा क्रम आता इतका रूढ झाला आहे की गजालींचे निम्मे विषय त्याच्यातून निघतात. ज्या जिल्ह्याने पिढ्यानपिढ्या आपले तरुण मुंबईच्या गिरण्यांत, गोदीत आणि कचेऱ्यांत धाडले आणि त्यांच्या मनीऑर्डरींवर घरे शाकारली, त्या जिल्ह्याला मुंबईचा संघ आपला वाटावा यासाठी निराळे प्रमाणपत्र लागत नाही. २०१५ च्या त्या संघात त्रिनिदादचे सिमन्स व पोलार्ड होते, श्रीलंकेचा मलिंगा होता, आणि ते सारे पैसे मोजून घेतलेले होते, हा आक्षेप मी अनेकदा ऐकला आहे. परंतु आमच्या गावोगावच्या टेनिस चेंडूच्या स्पर्धांतही आता खेळाडूंची बोली लागते, शेजारच्या वाडीतील मुलगा तीन दिवसांपुरता दुसऱ्याच संघमालकाच्या नावाचा सदरा घालतो, आणि बोर्डिंग मैदानाच्या कडेला उभा असलेला त्याचा चुलता त्याच्याविरुद्ध टाळ्या वाजवितो, हे पाहिलेल्या माणसाने निष्ठा आणि जन्मगाव यांचा संबंध फार ताणू नये. निष्ठा ही बव्हंशी सवयीची गोष्ट आहे, आणि सवय ही पराभवाच्या काळातच पक्की होते.

आता २०१५ ची रोजकीर्द पाहू. ८ एप्रिल रोजी कोलकात्याच्या ईडन गार्डन्सवर कर्णधार रोहित शर्माने नाबाद ९८ धावा केल्या, आणि तरीही कोलकात्याच्या संघाने सामना सात गडी राखून घेतला. वानखेडेवर पंजाबकडून अठरा धावांनी हार; त्या सामन्यात हरभजनसिंगाने चोवीस चेंडूंत ६४ धावा काढल्या, म्हणजे ज्याला चेंडू टाकण्यासाठी घेतले होते त्याने फलंदाजीची लाज राखली. अहमदाबादेस राजस्थानकडून हार, आणि तेथेच सलामीचा ॲरन फिंच मांडीच्या दुखापतीने हंगामातून बाद. पुन्हा वानखेडेवर १८३ धावा करूनही चेन्नईकडून हार, तीही वीस चेंडू शिल्लक असताना. चार सामने, चार पराभव. पाचवा सामना बंगळूरात जिंकला. सहावा दिल्लीत सदतीस धावांनी गमावला. चौदा साखळी सामन्यांपैकी सहा संपले होते आणि जमेच्या बाजूस केवळ दोन गुण होते. त्या दिवसांत आमच्याकडील एका वयोवृद्ध क्रिकेटभक्ताने दिलेला फैसला पाच शब्दांचा होता : ह्यांचा काय खरा नाय, बाबा. त्या दिवशी त्याच्याशी वाद घालणे कोणत्याही समंजस माणसाला शक्य नव्हते.

पुढे जे घडले ते सर्वश्रुत आहे. हैदराबाद, राजस्थान, पंजाब, दिल्ली आणि चेन्नई असे पाच संघ ओळीने हरविले गेले; मग १० मे रोजी वानखेडेवरच एबी डिव्हिलियर्सने नाबाद १३३ धावांचा असा वर्षाव केला की पुन्हा सर्व हवालदिल; आणि त्यानंतर कोलकात्यावर पाच धावांनी निसटता विजय, हैदराबादेत नऊ गडी राखून विजय, गुणतक्त्यात दुसरे स्थान, पात्रता फेरीत चेन्नईवर पंचवीस धावांनी आणि २४ मे रोजी अंतिम सामन्यात त्याच चेन्नईवर एकेचाळीस धावांनी जय. अंतिम सामना झाला तो ईडन गार्डन्सवर, म्हणजे जेथे हंगामाचा पहिला पराभव पदरी पडला होता त्याच मैदानावर. वृत्तपत्रांना याहून अधिक सोयीचे कथानक कोणता नाटककार लिहून देणार? धैर्य, श्रद्धा, जिद्द, पुनरुत्थान, असे शब्द मथळ्यांत ओसंडून वाहिले.

मला या शब्दांचे वावडे नाही. परंतु कारणांची चौकशी करू लागलो म्हणजे ते फार उपयोगी पडत नाहीत. फिंच जायबंदी झाला म्हणून लेंडल सिमन्सला सलामीची जागा मिळाली, आणि त्याने तेरा सामन्यांत ५४० धावा केल्या. फिंचची मांडी शाबूत राहिली असती तर हा मनुष्य संपूर्ण हंगाम राखीव खेळाडूंच्या बाकावर बसून काढता. मिचेल मॅक्लेनाघन या न्यूझीलंडच्या डावखुऱ्या द्रुतगती गोलंदाजाला घेतल्यावर मलिंगाच्या दुसऱ्या टोकाचे खिंडार बुजले. राजस्थानवरचा विजय आठ धावांचा होता, कोलकात्यावरचा पाच धावांचा. दोन्हीकडे एकेक फटका निराळ्या दिशेने गेला असता तर ‘पुनरुत्थान’ हा शब्द छापखान्यातच राहिला असता. एवढे मात्र व्यवस्थापनाच्या श्रेयाचे आहे की चार पराभवांनंतर त्याने सारी मांडणी रद्दबातल केली नाही, कर्णधार बदलला नाही, आणि ज्या दोन-तीन जागा खरोखर गळत होत्या तेवढ्याच दुरुस्त केल्या. घाबरलेला मालक बहुधा संपूर्ण छप्पर उतरवतो.

येथे रापणीचा दाखला देण्याचा मोह आवरत नाही. होडीतून जाळे अर्धवर्तुळात टाकायचे, दोन्ही टोकांचे दोर किनाऱ्यावर आणायचे आणि वीस-पंचवीस माणसांनी दोन्ही बाजूंनी ओढत राहायचे, ही आमच्या किनाऱ्यावरील जुनी सामुदायिक मासेमारी. ज्या दिवशी जाळ्यात पालापाचोळ्यावाचून काही लागत नाही त्या दिवशीही ओढण्याचे श्रम तेवढेच पडतात, आणि ज्या दिवशी बांगड्याचा थवा सापडतो त्या दिवशीच्या वाट्यात रिकाम्या दिवसांचा मेहनताना आपोआप मिसळलेला असतो. रापणकर रिकाम्या ओढीचा अर्थ लावीत बसत नाही. दोर नीट होते की नाहीत, जाळे फाटले आहे काय, एवढे तो पाहतो. मासळी त्या बाजूने गेली की नाही, हा प्रश्न तो दर्यावर सोपवितो. व्यावसायिक खेळाडूची मनोवृत्ती याहून फार भिन्न नसावी असे मला वाटते, आणि प्रेक्षकाची मात्र ती नेमकी उलट असते. त्याला प्रत्येक ओढीत नीतिपाठ हवा असतो.

हंगाम किती लांबीचा असावा, या वरवर व्यवस्थापकीय वाटणाऱ्या प्रश्नाचा न्यायाशी निकट संबंध आहे. अमेरिकेतील बेसबॉलचे व्यावसायिक संघ एका हंगामात प्रत्येकी १६२ सामने खेळतात. इतक्या लांब पल्ल्यावर पराभव ही दुर्घटना राहत नाही. तो शिधा होतो. २००१ साली सिॲटल मरिनर्स या संघाने ११६ सामने जिंकून विक्रमाची बरोबरी केली, तरी त्या अपूर्व हंगामातही त्याला सेहेचाळीस वेळा मान खाली घालून मैदान सोडावे लागले. आणि एवढे करून अंतिम मालिकेच्या अलीकडेच न्यूयॉर्क यँकीज संघाने त्याला घरी पाठविले. उलट २०१९ मध्ये वॉशिंग्टन नॅशनल्स पहिल्या पन्नासांपैकी केवळ एकोणीस सामने जिंकला होता, तोच शरद ऋतूत विश्वविजेता ठरला. १६२ सामन्यांनीही गुणवत्तेचा निखळ निवाडा होत नाही. मग चौदा सामन्यांच्या हंगामावरून आम्ही एखाद्या कर्णधाराच्या चारित्र्याविषयी कैफियती लिहितो, हे धारिष्ट्यच म्हणावयाचे.

मुंबईच्या जुन्या, लिलावपूर्व क्रिकेटातही याचे एक उदाहरण आहे, आणि ते मला २०१५ पेक्षा अधिक प्रिय आहे. २००६-०७ च्या रणजी हंगामात अमोल मुजुमदारच्या नेतृत्वाखालील मुंबईच्या खात्यावर पहिल्या तीन सामन्यांअंती एकही गुण नव्हता. त्यातून हा संघ उपांत्य फेरीपर्यंत पोहोचला, आणि तेथे बडोद्याविरुद्ध दुसऱ्या डावात धावफलकावर शून्य असतानाच त्याचे पाच फलंदाज तंबूत परतले. शून्यावर पाच! उरलेल्यांनी कसाबसा डाव उभा केला, सामना जिंकला, आणि फेब्रुवारी २००७ मध्ये वानखेडेवर बंगालला १३२ धावांनी हरवून मुंबईने सदतिसावे रणजी अजिंक्यपद मिळविले. यातही अंतिम सामन्यास सचिन तेंडुलकर व झहीर खान उपलब्ध झाले हा दैवाचा वाटा होताच. त्या संघाचा कर्णधार प्रथम दर्जाच्या क्रिकेटात अकरा हजारांहून अधिक धावा करूनही भारताकडून एकदाही खेळला नाही. २०२५ च्या विश्वचषकात भारतीय महिला संघ त्याच्या मार्गदर्शनाखाली साखळीत ओळीने तीन सामने हरला आणि २ नोव्हेंबर रोजी नवी मुंबईत दक्षिण आफ्रिकेला बावन्न धावांनी नमवून जगज्जेता झाला, तेव्हा नियतीने जुने देणे चुकते केले असे अनेकांनी लिहिले. मला ते पटत नाही. मुजुमदाराचे देणे कोणीही चुकते केलेले नाही. त्याच्या हक्काचा कसोटी सामना त्याला आजतागायत मिळालेला नाही, आणि दुसऱ्याच्या विजयाने तो मिळाल्यासारखा होतही नाही. त्याच्या बाबतीत खरे एवढेच की फळाची हमी नसताना काम चालू ठेवण्याची त्याला फार जुनी सवय होती.

परंतु ही सवय विजय मिळवून देते, असे कोणी यातून अनुमान काढील तर त्याला २०२२ साल दाखवावे लागेल. तोच मुंबई इंडियन्स, तोच रोहित शर्मा, दरम्यान पाच अजिंक्यपदांचा धनी झालेला. आणि आरंभी ओळीने आठ पराभव. धीर तोच, शिस्त तीच, व्यवस्थापनाने या खेपेसही कर्णधारास हात लावला नाही. फळ मात्र आले नाही. नववा सामना राजस्थानविरुद्ध ३० एप्रिलला जिंकला, तो रोहितचा वाढदिवस होता. अखेरीस चौदांपैकी चार विजय आणि दहा संघांत दहावा क्रमांक. या हंगामाविषयी कोणी लेख लिहीत नाही. आमच्या पडवीतील मंडळींनीही त्या मे महिन्यात सामने अर्ध्यावर सोडून झोपावयास जाणे पसंत केले, आणि त्यात मीही होतो.

तथापि त्या हंगामाचा शेवटचा सामना मी पूर्ण पाहिला. २१ मे रोजी वानखेडेवर दिल्लीचा संघ बाद फेरीच्या उंबरठ्यावर उभा होता. तो जिंकला तर आत, हरला तर त्याच्या जागी बंगळूर. मुंबईला त्या दिवशी मिळविण्यासारखे काहीही उरले नव्हते. तळाचे स्थान अगोदरच जवळजवळ निश्चित झाले होते, आणि सामना सोडून दिला असता तरी कोणी जाब विचारला नसता. मुंबईने तो सामना हंगाम नुकताच सुरू झाल्यासारखा खेळला, पाच गडी राखून जिंकला, आणि दिल्ली घरी गेली. २०१५ च्या अंतिम सामन्यापेक्षा मी त्या संघाचा हा विजय वरचा मानतो.