विसंगती आणि अनुपलब्धी : ‘एक्झिट ८’च्या निमित्ताने

‘येथे काहीही वावगे नाही’ हे विधान कोणत्या आधारावर करता येते, आणि ते करणाऱ्यावर कोणते उत्तरदायित्व येते? हा प्रश्न ज्ञानमीमांसेचा आहे तितकाच नीतिमीमांसेचाही आहे. कोताके क्रिएट या नावाने एकहाती काम करणाऱ्या जपानी निर्मात्याचा ‘एक्झिट ८’ (२०२३) हा संगणकावरील खेळ तो फार काटेकोरपणे उभा करतो.

या खेळात शस्त्रे नाहीत, झुंज नाही, कथानकही जवळजवळ नाही. जपानमधील एखाद्या भुयारी रेल्वेस्थानकात असावा तसा पादचारी मार्ग आहे : पांढऱ्या फरशा, सपाट उजेड, जाहिरातींची भित्तिपत्रके, बंद दारे, जमिनीवर दृष्टिहीनांसाठीची पिवळी पट्टी आणि समोरून चालत येणारा एक मध्यमवयीन गृहस्थ. वळण घेतले की पुन्हा तोच मार्ग, तोच गृहस्थ. नियम एवढाच की विसंगती आढळल्यास तत्काळ मागे फिरावे, न आढळल्यास पुढे जावे. निर्णय अचूक ठरला तर फलकावरील आकडा वाढतो. चुकला तर तो शून्यावर येतो. आठव्या क्रमांकाच्या दारातून सुटका होते.

त्याच ठिकाणी पुन्हापुन्हा परतण्यातील भय साहित्याला नवीन नाही. इटलीतील एका गावात वाट चुकून आपण पुन्हापुन्हा एकाच गल्लीत कसे आलो, हे फ्रॉइडने १९१९च्या आपल्या प्रसिद्ध निबंधात नोंदवले आहे. मराठी लोकसमजुतीतील ‘चकवा’ही याच अनुभवाला नाव देतो. मात्र चकवा लागलेल्याला पहाटेची वाट पाहण्यापलीकडे फारसे काही करता येत नाही. येथे पुनरावृत्ती हीच वाचायची संहिता होते. सवयीने जडावलेले संवेदन कला पुन्हा जागे करते, असे श्क्लोव्हस्कीने १९१७ मध्ये म्हटले होते. ‘एक्झिट ८’मध्ये हे अपरिचितीकरण घडवण्याचे काम खेळणाऱ्यावरच सोपवलेले आहे. दाराची मूठ मध्यभागी सरकली आहे काय, भित्तिपत्रक हळूहळू वाढते आहे काय, हे त्यालाच पाहावे लागते.

विसंगती दिसणे ही तुलनेने सोपी गोष्ट होय. खरी कसोटी ती न दिसण्याच्या क्षणी लागते. भाट्ट मीमांसक आणि अद्वैत वेदान्ती यांनी अभावाच्या ज्ञानासाठी ‘अनुपलब्धी’ हे स्वतंत्र प्रमाण मानले. नैयायिकांनी ते नाकारून अभावाचेही प्रत्यक्षच होते असे प्रतिपादिले. या वादात अनुपलब्धीला जोडलेली ‘योग्यते’ची अट महत्त्वाची आहे. अंधाऱ्या खोलीत घट दिसला नाही, एवढ्यावरून घट नाही असे ठरत नाही. तो असता तर दिसलाच असता, अशी परिस्थिती असेल तरच त्याचे न दिसणे प्रमाण ठरते. ‘एक्झिट ८’मधील भुयार लख्ख उजळलेले आहे. उजेडाची सबब तेथे चालत नाही. म्हणून योग्यतेची अट पाहणाऱ्याच्या अवधानावर येऊन पडते. ‘काही दिसले नाही’ असे म्हणणाऱ्याने आपण दिसेल अशा रीतीने पाहिले होते, याची हमी त्या विधानातच दिलेली असते. अभावाचे ज्ञान असे नैतिक स्वरूप धारण करते.

यातून संशयाचे समर्थन होते असे मात्र नाही. विसंगती नसताना मागे फिरणाऱ्यालाही खेळ शून्यावर आणतो. आंधळा विश्वास आणि आंधळा संशय हे दोन्ही अवधानाचेच दोष ठरतात.

तरीही या व्यवस्थेत एक गंभीर उणीव राहते. समोरून येणाऱ्या गृहस्थाचा चेहरा, चाल, वेग यांची प्रत्येक फेरीत तपासणी होते. त्याची विचारपूस कधीच होत नाही. तो भित्तिपत्रक आणि दार यांच्याच कोटीत जाऊन बसतो. शिवाय विसंगतीला मिळणारे उत्तर एकच : पाठ फिरवणे.

गेन्की कावामुरा यांच्या २०२५च्या चित्रपटरूपांतराने नेमक्या या उणिवेवर बोट ठेवले आहे. तेथे या गृहस्थाला स्वतःचे प्रकरण मिळते. तोही कधी वाट शोधणारा होता हे उमगते. भुयारात शिरण्यापूर्वी नायक गाडीत असतो. रडणाऱ्या तान्ह्या मुलामुळे एक प्रवासी त्याच्या आईवर ओरडतो आणि इतरांप्रमाणे नायकही नजर वळवतो. तेथे विसंगती सर्वांना दिसलेली आहे. अनुपलब्धीची सबब कोणालाच उपलब्ध नाही.

पाहण्याची योग्यता ही नीतीची पूर्वअट असली, तरी तेवढ्याने नीती पूर्ण होत नाही, हे खेळ आणि चित्रपट एकत्र वाचल्यावर ध्यानात येते. भुयारातून बाहेर पडायला अचूक नजर पुरते. गाडीतल्या त्या आईला तिचा काहीच उपयोग झालेला नसतो.