कलहालाही करार लागतो

देव येतो तो माशी होऊन. पळवून नेलेल्या प्रेयसीचा, सिमोरिलचा माग लागेना, म्हणून मेल्निबोनेचा सम्राट एल्रिक आपल्या कुळाच्या आराध्याला, अराजकाचा अधिपती असलेल्या आरिऑकला हाक मारतो. जन्मतःच अंगात रंग नसलेला, औषधांवर तग धरून असलेला हा राजा. मंत्र संपतात आणि समोर घोंगावते एक माशी. मग त्या माशीचा एक देखणा तरुण होतो. मायकल मूरकॉकच्या १९७२च्या कादंबरीतला हा प्रसंग मी पहिल्यांदा वाचला तेव्हा हसलो होतो. आता त्याचं कौतुक वाटतं. विश्वव्यापी विसंवाद कागदावर उतरवायचा म्हटलं की लिहिणाऱ्याचा हात सहस्र डोळ्यांकडे, फाटलेल्या आभाळाकडे जातो. मूरकॉक माशीवर भागवतो.

पण खरी मेख पुढे आहे. आरिऑक येतो कशासाठी? मेल्निबोनेच्या राजांशी त्याचा पिढ्यान्‌पिढ्यांचा करार आहे म्हणून. कोणताही नियम न मानणं हाच ज्याचा धर्म, तो करार पाळतो! मर्जी नसेल तेव्हा फिरकतही नाही, पण आला की रक्त आणि आत्मे मोजून घेतो. हे लेखकाच्या नजरेतून निसटलेलं नाही. आरिऑक कथेत उभा राहू शकतो तो या विरोधाभासावरच. हवं ते, हवं तेव्हा, हवं तसं करणाऱ्याशी कोण कशाला बोलेल? त्याच्याकडे मागण्यासारखं काही नाही आणि त्याला फसवण्यातही अर्थ नाही. करार आला की आशा येते, भीती येते, शब्दांचा कीस काढणं येतं. थोडक्यात, गोष्ट येते.

व्यवस्था विरुद्ध अराजक ही मांडणी मूरकॉकच्या आधी पॉल अँडरसनने केली होती. मूरकॉकची पहिली एल्रिककथा आली १९६१मध्ये. त्याने अराजकाला चिन्ह दिलं ते आठ दिशांना सुटलेल्या आठ बाणांचं, आणि व्यवस्थेला एकच सरळ बाण. १९७४च्या ‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’ या खेळाने ही विभागणी उचलली आणि तिथून ती घरोघरी पोचली. वाटेत एक गोष्ट मात्र सांडली. मूरकॉकच्या अनेक विश्वांच्या पसाऱ्यात व्यवस्था म्हणजे पुण्य नव्हे. तिची हद्द झाली की उरतो वांझपणा. अराजकाची हद्द झाली की जमीनसुद्धा उकळत्या रबडीसारखी होते, कशालाच आकार राहत नाही. दोन्हीकडे माणसाला पाय ठेवायला जागा नाही, म्हणून मध्ये तराजू.

यावर चाहते विचारतात, नियमात बांधला तर तो विसंवाद कसला? गाण्याच्या बैठकीत बसणाऱ्याला हा प्रश्न पडू नये. विवादी स्वर विवादी असतो तो रागाला नियम असतो म्हणूनच. केदारात हळूच लागून गेलेला कोमल निषाद अंगावर येतो, आणि तोच खमाजात रोजचा, घरचा. बिहागातला तीव्र मध्यम एके काळी विवादी म्हणून चोरपावलांनी यायचा, आता तो राजरोस बसलेला असतो. सुंदर लागतो, पण दचकवत नाही.

आपल्या कलीलाही हे ठाऊक होतं. दमयंतीच्या स्वयंवराला उशीर झालेला आणि तिने देवांना सोडून नलाला वरलं म्हणून चिडलेला कली नलाच्या शरीरात शिरायला टपून बसतो, तेही बाराव्या वर्षापर्यंत. एके दिवशी नल पाय न धुताच संध्येला बसतो आणि तेवढ्या फटीतून कली आत जातो. युगाचा स्वामी, पण न धुतलेल्या पायासाठी ताटकळतो.

अलीकडच्या बहुविश्वपटांचं दुखणं नेमकं इथे आहे. सगळंच कुठे ना कुठे घडत असेल, तर काहीच गमावलं जात नाही. एक नायक मेला की शेजारच्या विश्वातून दुसरा आणायचा. २०२२चा ‘एव्हरीथिंग एव्हरीव्हेअर ऑल अ‍ॅट वन्स’ हा त्याला अपवाद. त्यातली जोबू तुपाकी एकाच वेळी सगळ्या विश्वांत जगते आणि कपडे बदलावेत तशी भौतिकीचे नियम बदलते. जगातलं एकूण एक एका बेगलवर रचून तिने त्याचं कृष्णविवर केलेलं आहे. एवढी अफाट शक्ती; पण ती आली कुठून? एका विश्वातल्या आईने प्रयोगाच्या नादात मुलीला झेपेल त्यापलीकडे रेटलं, म्हणून. आणि आपल्या ओळखीच्या विश्वात, धुलाईच्या दुकानात, हीच आई मुलीच्या प्रेयसीची आजोबांशी ओळख करून देते ती ‘चांगली मैत्रीण’ म्हणून. (मराठीत ‘मैत्रीण’ या शब्दाने आईची केवढी सोय झाली असती!) मुलीचा चेहरा उतरतो. बेगलपेक्षा मला तो उतरलेला चेहरा जास्त भयंकर वाटतो. जोबूला विश्व नष्ट करायचं आहे असं सगळ्यांना वाटतं. तिला हवं असतं आपल्याला दिसतं ते पाहू शकणारं दुसरं कुणीतरी.

शेवटी मायलेकी एकमेकींना कवटाळतात. सिनेमाला ते शोभतं, आणि माझेही डोळे भरून आले हे कबूल करतो. तरी इतकी मोठी उधारी एका मिठीत फिटल्याचं थोडं खटकतं.

मूरकॉक उधारी सोडत नाही. आरिऑकच्या कृपेने एल्रिकला मिळालेली स्टॉर्मब्रिंगर ही तलवार आत्मे पिते आणि त्या दुबळ्या राजाला बळ देते. सिमोरिलला सोडवायला तो हीच तलवार उपसतो, आणि झटापटीत तिला पळवणारा तिचाच भाऊ यिरकून सिमोरिलला त्याच पात्यावर ढकलतो. तरीही एल्रिकला ती टाकवत नाही, तिच्यावाचून त्याला उभंही राहता येत नाही. पुढे तो अराजकाविरुद्ध लढतो तेही याच तलवारीने. जुनं जग बुडतं, तराजू सरळ होतो, नव्या जगाला जागा होते. रणात एल्रिक एकटा उरलेला असतो. तेव्हा तलवार वळते, धन्याच्या छातीत शिरते आणि आकाशात निघून जाते.